दुपारपर्यंत मेक्सिको

सकाळी सान दिएगोहून बस सुटते आणि दुपारपर्यंत माणसाला मेक्सिको कळून चुकतो. रोसारितो खिडकीतूनच उरकतं. प्वेर्तो नुएवोला लॉब्स्टर येतो: उभा चिरलेला, डुकराच्या चरबीत तळलेला, सोबत बीन्स, भात आणि मैद्याच्या गरम तोर्तिया. कशात तळलाय हे न विचारता सगळे बोटं चाटतात. गाइड त्यालाच संस्कृती म्हणतो. एन्सेनादाजवळ ला बुफादोराला समुद्र खडकाच्या फटीतून उंच फवारा उडवतो, पण तिथवर पोचायचं तर सोंब्रेरो आणि चांदीच्या दुकानांमधूनच. स्थानिकांशी मनसोक्त बोलणं कार्यक्रमात नसतंच. ते परतीला सान इसिद्रोच्या सीमानाक्यावर, गाड्यांच्या लांबलचक रांगेत होतं: चुरो विकणाऱ्याशी, एका डॉलरसाठी घासाघीस करताना.