आमच्यात चालत नाही!

"काकू, जरा कुंपणापाशी या. आक्कांकडे काल सासूसुनेचा अबोला झाला म्हणे!"

"ऐन आषाढी एकादशीला? का गं बाई?"

"सुनेनं साबुदाण्याऐवजी क्विनोआची खिचडी केली. दाण्याचं कूट, बटाटा, हिरवी मिरची, साजूक तूप, सगळं रीतसर. आक्कांनी ताट सरकवलं. म्हणाल्या, असलं परदेशी उपासाला चालत नाही."

"खरंच आहे की! रीतभात म्हणून काही आहे की नाही?"

"ऐका तर. सून शेतकी कॉलेजात शिकलेली. म्हणाली, 'आई, मग परदेशी तेवढं बाजूला काढू या.' झालं, मिरची गेली, बटाटा गेला, दाणेही गेले. सगळं मूळचं अमेरिका खंडातलं. आपला साबुदाणासुद्धा कसाव्याच्या कंदाचा, तोही तिकडचाच. कंद किसून, दुधासारखा चीक काढून त्याच्या गोळ्या वळतात. तमिळनाडूत सेलमकडे 1940च्या दशकात त्याचे कारखाने निघाले."

"म्हणजे माउलींच्या काळी..."

"माउलींनी समाधी घेतली 1296 साली. तेव्हा वारकऱ्यांच्या फराळात यातला एक जिन्नस नव्हता!"

"अगं, राजगिरा तरी ठेव बाई. लाडू आणलेत मी."

"तोही मेक्सिकोकडचा. आणि क्विनोआ त्याच्याच कुळातला."

"म्हणजे एक भाऊ देवघरात आणि दुसरा उंबऱ्याबाहेर? मग पानात उरलं काय?"

"तूप, दही आणि भगर. वरई आपली, इगतपुरीकडच्या डोंगरउतारावरची."

"माझ्या सासूबाई भगर नि ताक, एवढ्यावरच एकादशी काढायच्या. साबुदाण्यानं पित्त होतं म्हणायच्या. आम्ही मात्र एकादशी, दुप्पट खाशी! बरं, आक्का काय म्हणाल्या?"

"काय म्हणतील? गप्प झाल्या. चमचाभर खिचडी घ्यायलाही तयार झाल्या. तेवढ्यात सुनेनं वरून कोथिंबीर भुरभुरली!"

"अगंबाई! कोथिंबीर?"

"तिच्या माहेरी चालते ना. आक्कांना तेवढंच निमित्त मिळालं. ताट परत आत."

"हे कुठल्या कॉलेजात शिकवत नाहीत गं, हे सासरीच कळतं. तुमच्याकडे चालते का कोथिंबीर?"

"चालते की. जिरं मात्र नाही हं."

"जिरं नाही? कमाल आहे बाई तुमच्याकडची! जिऱ्याशिवाय कसली आलीय खिचडी?"