कमांडर, फेज थ्री

हिंजवडीतल्या कुठल्याही कंपनीत चार-पाचशे माणसं जमली की त्यांत एक ट्रेकर निघतो, एक शेअरबाजारवाला निघतो, एक जण दिवसातून दोनदाच जेवणारा असतो आणि एक लढाईवाला असतो. लढाईवाल्यांतही पोटजाती आहेत. पानिपतवाले सगळ्यांत जास्त. रणगाडेवाले बरे, ते गुपचूप घरी मॉडेलं चिकटवतात. जर्मन पाणबुडीवाला मात्र दुर्मीळ, आणि तो नेमका आमच्या वाट्याला आला आहे. पगारपत्रकावर हुद्दा डिलिव्हरी मॅनेजर. आम्ही त्यांना ‘कमांडर’ म्हणतो. आधी पाठीमागे म्हणायचो. पण कानावर गेल्यावर ते इतके खूश झाले की आता तोंडावरच म्हणतो.

वय पन्नाशीला टेकलेलं. मूळ सदाशिव पेठ, हल्ली वाकड. रिलीजच्या आठवड्यात दाढी करत नाहीत, कारण पाणबुडीत गोडं पाणी दाढीवर घालवत नसत. टेबलावर घोड्याचा नाल. नवीन पोरांना वाटतं वास्तुशास्त्र असेल. तसं कुणी विचारलं की त्याची दुपार गेली. कारण घोड्याचा नाल ही ओटो क्रेचमरच्या यू-९९ या पाणबुडीची खूण, आणि क्रेचमर म्हणजे कमांडरांचं कुलदैवत.

क्रेचमरचं चरित्र त्यांच्याबरोबर ऑफिसच्या कॅबने येणाऱ्या आम्हा लोकांना आता मुखोद्गत आहे. जन्म १९१२. रात्रीच्या अंधारात पाण्याच्या वर राहूनच थेट शत्रूच्या ताफ्यात घुसायचं आणि आतून मारा करायचा, ही त्याची पद्धत. एक टॉर्पेडो, एक जहाज, असा हिशेब. चाळीसहून जास्त जहाजं आणि अडीच लाखांवर टन त्याच्या नावावर. हे सगळं युद्धाच्या पहिल्या दीड वर्षात. १७ मार्च १९४१ ला तो पकडला गेला आणि नंतर कॅनडातल्या युद्धकैद्यांच्या छावणीत जाऊन बसला. बाकीच्यांना पुढे चार वर्षं मिळाली, तरी त्याचा आकडा कुणाला गाठता आला नाही. “म्हणजे बघा,” कमांडर म्हणतात, “पावणेसात वर्षं माणूस बेंचवर, तरी रेटिंग टॉपचं!” पुढे १९५५ मध्ये तो पश्चिम जर्मनीच्या नव्या नौदलात गेला आणि १९७० साली अ‍ॅडमिरल होऊन निवृत्त झाला. बेंचवरून परत येऊन अ‍ॅडमिरल! हे वाक्य उच्चारताना त्यांचा आवाज कातर होतो.

वाकडचा पूल ओलांडला की यू-९९ बंदरातून निघते. शिवाजी चौकात ताफा दिसतो. विप्रो सर्कलला पहिला टॉर्पेडो सुटतो. फेज थ्री येईपर्यंत ब्रिटिशांच्या ‘वॉकर’ विनाशिकेने क्रेचमरला पाण्यातून वर ओढलेलं असतं आणि तिचा कप्तान मॅकिन्टायर याने त्याची दुर्बीण काढून घेतलेली असते. रस्ता मोकळा असेल त्या दिवशी क्रेचमर पकडला जायच्या आत आमचं गेट येतं. पण असा दिवस क्वचितच उगवतो, त्यामुळे इतिहास सहसा बदलत नाही.

यातली मौज अशी, की क्रेचमर त्याच्या नौदलात न बोलण्यासाठी प्रसिद्ध होता. मितभाषी ओटो म्हणत त्याला. वायरलेसवर जेवढ्यास तेवढं. आणि त्याचा हा हिंजवडीतला भक्त पुलावर तोंड उघडतो तो कार्ड स्वाइप करेपर्यंत मिटत नाही.

जर्मन शिकायला ते मॅक्सम्युलर भवनात जायचे. ते भवन बोट क्लब रोडवर आहे, हाही त्यांना शकुन वाटला होता. दोन परीक्षा झाल्या आणि तिसरीला व्याकरण आडवं आलं. पण हाताखालच्या पोरांना ‘आलार्म!’ म्हणण्यापुरतं जर्मन पक्कं आहे. सर्व्हर पडला की म्हणतात. पाणबुडीत ही आरोळी ठोकली की तातडीने बुडी मारायची असे. आमच्याकडे सगळे चहाला जातात.

या छंदाचा ऑफिसच्या कामाशी संबंध नसता, तर माझी तक्रार नव्हती. पण कमांडर त्यातून मॅनेजमेंट काढतात. पाणबुड्यांचा प्रमुख ड्योनिट्झ फ्रान्सच्या किनाऱ्यावरच्या मुख्यालयात बसून अटलांटिकमधल्या एकेका पाणबुडीकडून वायरलेसने हालहवाल मागवायचा. कुठे आहात, इंधन किती, टॉर्पेडो किती. त्या संदेशांच्या लहरींवरून ब्रिटिश लोक पाणबुडीची दिशा काढायचे, आणि पुढे एनिग्माची सांकेतिक लिपी फुटल्यावर तर मजकूरही वाचायचे. “स्टेटस रिपोर्टने माणसं मारली!” कमांडर टेबलावर मूठ आपटतात, आणि अमेरिकेतल्या साहेबाची मेल दोन-दोन दिवस अनुत्तरित ठेवतात. आमच्याकडून मात्र दर तासाला अपडेट हवा असतो. वरच्यांसाठी क्रेचमर आणि खालच्यांसाठी ड्योनिट्झ, असं त्यांनी वाटून घेतलं आहे.

अप्रेझलचंही तेच. लाखभर टन बुडवले की कमांडरच्या गळ्यात नाइट्स क्रॉस पडे. त्यामुळे कित्येक जण टनांचे आकडे फुगवून सांगत. ज्याला पदकाची घाई झाली असेल त्याचा ‘घसा दुखतोय’ असं खलाशी आपसांत म्हणत. आमच्या कमांडरांचा घसा दर मार्चमध्ये दुखतो. गेली काही वर्षं तो औषधाविनाच बरा होतो आहे.

एकदा एचआरच्या आग्रहावरून त्यांनी ‘नेतृत्वाचे धडे’ या विषयावर भाषण दिलं. सदुसष्ट मीटर लांबीची नळी, आत पन्नासेक माणसं, एक उठला की त्याच्या ऊबदार बिछान्यात दुसरा. दोन संडास, त्यांतल्या एकात मोहिमेच्या सुरुवातीला अन्नधान्य भरलेलं. टीमवर्क, टीमवर्क म्हणतात ते हेच. टाळ्या पडणार इतक्यात नुकत्याच लागलेल्या एका मुलीने विचारलं, “सर, अ‍ॅट्रिशन किती होतं?”

“चाळीस हजारांतले सुमारे तीस हजार परत आले नाहीत,” कमांडर म्हणाले. सभागृह शांत. एचआरच्या बाई खुर्चीतून अर्ध्या उठल्या. “पण राजीनामा एकानेही दिला नाही,” कमांडरांनी पुरवणी जोडली.

हे सगळे लोक लढत कुणासाठी होते, हा प्रश्न त्यांना आवडत नाही. मी एकदा विचारलाच. ते म्हणाले, “क्लायंट वाईट होता. डिलिव्हरी चांगली होती.” आयटीत सत्तावीस वर्षं काढलेल्या माणसाचं हे उत्तर आहे, म्हणून सोडून द्यावं, असं मला त्या दिवशी वाटलं. आता वाटत नाही.

पाणबुडीचा संबंध भारताशी लावणं हा त्यांचा जोडधंदा. सोसायटीच्या पंधरा ऑगस्टच्या प्रश्नमंजूषेत त्यांनी मुलांना विचारलं, नेताजींना १९४३ साली कीलहून घेऊन निघालेल्या यू-१८० चा कमांडर कोण? उत्तर वेर्नर मूझेनबर्ग. त्याने नेताजींना आणि आबिद हसन यांना मादागास्करजवळ भर समुद्रात जपानी पाणबुडीच्या हवाली केलं. मुलांना नेताजी आले, मूझेनबर्ग आला नाही. बक्षिसाची कंपासपेटी कमांडरांकडेच राहिली. गोव्याला गेले की सगळे कळंगुटला आणि हे मुरगाव बंदराकडे तोंड करून उभे. ९ मार्च १९४३ च्या रात्री कलकत्ता लाइट हॉर्सच्या पोट सुटलेल्या हौशी गोऱ्या साहेबांनी तिथे आसऱ्याला असलेल्या ‘एरेनफेल्स’ या जर्मन जहाजावर चढाई केली. कारण त्यावरचा ट्रान्समीटर पाणबुड्यांना खबरा देतो, असा इंग्रजांचा संशय होता. वहिनी म्हणतात, “अहो, समुद्र त्या बाजूलाही आहे.” स्वतः कमांडर मात्र गेटवेहून मांडव्याच्या लाँचमध्ये बसले, तर खांदेरी दिसायच्या आत पिशवी मागतात.

पावसाळ्यात त्यांना उधाण येतं. १९४३ मध्ये जर्मनांनी हिंदी महासागरात पाणबुड्यांची जी टोळी पाठवली, तिचं नावच ‘मोन्सून’. तिच्यातल्या यू-१६८ ने, कमांडर हेल्मुट पिख, २ ऑक्टोबरला मुंबईच्या पश्चिमेला ‘हायचिंग’ हे जहाज बुडवलं. मुंबईच्या दारात! गेल्या पावसाळ्यात फेज टूचा रस्ता ओढ्यासारखा वाहत होता. आम्ही सगळे गाड्या कडेला लावून थांबलो. कमांडर काच खाली करून “पेरिस्कोप डेप्थ!” असं ओरडत पुढे गेले. इंजिनात पाणी शिरलं. क्रेनने गाडी ओढून नेताना ते शेवटपर्यंत आत बसून होते. कप्तानाने सगळ्यांत शेवटी बाहेर पडायचं असतं.

त्यांना खरोखर निरुत्तर झालेलं मी एकदाच पाहिलं. पँट्रीतले मामा दापोलीकडचे. चहा ठेवता ठेवता ऐकत होते. म्हणाले, “आमचा पणजा असाच गेला. इंग्रजांच्या बोटीवर खाली कोळशाला होता. मुंबैहून गेला तो गेला.”

कमांडर उडालेच. “कुठली बोट? किती टनांची?”

“टन काय म्हाईत, साहेब. घरात सात तोंडं होती खाणारी, तेवढं म्हाईत.”

ब्रिटिश व्यापारी जहाजांवर असे हजारो हिंदी लोक होते. कोकणातले, गोव्यातले, सिल्हेटचे, बॉयलरशी, भटारखान्यात. क्रेचमरच्या आणि पिखच्या टनांत ते मोजलेले आहेत, पण माणसं म्हणून नाहीत. आमच्याकडे त्याला रिसोर्स म्हणतात. त्या संध्याकाळी कमांडरांनी मामांकडून पणज्याचं नाव लिहून घेतलं. मशीद बंदरपाशी इंडियन सेलर्स होममध्ये त्या युद्धात गेलेल्या हिंदी खलाशांच्या नावांची नोंद आहे, तिथे जाऊन बघतो म्हणाले. दर शनिवारी जाणार असतात आणि दर शुक्रवारी रात्री रिलीज निघतं. मामा अजून त्यांचा चहा बिनसाखरेचा, आल्याचा, वेगळा करतात.

आता एक कामाची गोष्ट. वाकडहून फेज थ्रीला जाताना शेजारच्या गृहस्थांनी “क्रेचमर माहीत आहे का?” असं विचारलं, तर नाही म्हणू नका आणि होही म्हणू नका. सरळ यू-१२०६ चा विषय काढा. एप्रिल १९४५, स्कॉटलंडचा किनारा. त्या पाणबुडीत खोल पाण्यातही चालणारा नव्या तऱ्हेचा संडास होता, वापरायला प्रशिक्षण लागे. त्यात गडबड झाली, समुद्राचं पाणी आत शिरून बॅटऱ्यांवर पडलं, क्लोरिन वायू सुटला, पाणबुडीला वर यावं लागलं, वरून विमानांनी गाठलं, आणि शेवटी कमांडर श्लिटने ती स्वतःच बुडवली. “श्लिट साहेब स्वतः आत गेलेच नव्हते, ते इंजिनरूममध्ये होते,” एवढं एकच वाक्य कमांडर बोलतील आणि खिडकीबाहेर बघत बसतील. पुढचा अर्धा तास तुम्ही झोपू शकता.