बाकी सगळं ठीक

आमच्या सोसायटीच्या गणेशोत्सवात मुलांच्या गणितकोड्यांच्या स्पर्धेला परीक्षक म्हणून मला बसवतात, कारण मी बँकेत होतो. बँकेत काय करत होतो हे कुणी विचारत नाही आणि मीही सांगत नाही. शिवाय ‘आमच्या वेळी पावकी, निमकी, दिडकी, औटकी पाठ असायची’ हे वाक्य मी लिफ्टमध्ये भेटेल त्याला ऐकवलेलं आहे. औटकी म्हणजे साडेतीनचा पाढा. त्यापुढची औटकी मला येत नाही.

यंदा एका जुन्या पुस्तकातून कोडं काढलं. ताटातले मोदक दोन-दोनच्या रांगेत मांडले तर एक उरतो. तीन, चार, पाच, सहाच्या रांगा केल्या तरी एकच उरतो. सातच्या रांगा मात्र बरोबर लागतात. तर मोदक किती? मागच्या पानावर उत्तर होतं ३०१. कसं आलं ते छापलेलं नव्हतं. ज्ञानी माणसानं खातरजमा करावी म्हणून मी डब्यातले शेंगदाणे घेऊन जेवणाच्या टेबलावर बसलो. ३०१ मोजले, रांगा लावायला घेतल्या. सहाच्या रांगांपर्यंत पुस्तक खरं ठरलं. सातच्या रांगा लावल्या तर पाच उरले. पुस्तक चुकीचं आहे असं मी हिला सांगितलं. “अहो, तोंडात काय आहे?” ही म्हणाली. दोन होते.

स्पर्धेच्या दिवशी बहुतेक पोरांनी ३०१ लिहिलं. पाचवीतल्या, स्कॉलरशिपला बसलेल्या एका मुलीनं मात्र लिहिलं ७२१. मी लाल पेनानं फुली मारली. ती थेट मंडपात आली. “आजोबा, हेपण बरोबर आहे.” तिची आई मागे उभी होती, सेक्रेटरी माईक घेऊन मध्ये पडले आणि शेजारच्या विंगमधली मंडळी आरतीआधीच जमली. आता पुरावा देणं आलं. मी मोबाइलवर कॅल्क्युलेटर उघडला, ७२१ ला दोननं भागलं आणि माईकवर खणखणीत सांगितलं, “भागाकार तीनशे साठ, बाकी पाच!”

मंडपात शांतता. मग तिसरीतला एक मुलगा ओरडला, “दोननं भागल्यावर पाच कसे उरतील?”

पडद्यावर ३६०.५ होतं. टिंबानंतर येतं ते उरलेलं, असा माझा समज होता आणि तो इतकी वर्षं कुणी तपासला नव्हता. घाईघाईनं पाचनं भागलं, १४४.२ आलं, म्हणजे बाकी दोन, असं म्हणणार तोच त्या मुलीनं मला वाचवलं. “आजोबा, टिंबानंतरच्या आकड्याला भाजकानं गुणायचं. पॉइंट पाच गुणिले दोन, एक. पॉइंट दोन गुणिले पाच, एक.” सहानं भागून आलेल्या १२०.१६६६६६७ चं काय करायचं हे मी विचारलंच नाही. तिथंही एकच उरतो, हे मला शेंगदाण्यांनी रात्री दाखवलं.

मग तिनं रीतही सांगितली. दोन ते सहा या सगळ्यांचा ल.सा.वि. ६०. म्हणजे उत्तर साठच्या पटीत अधिक एक: ६१, १२१, १८१, २४१, ३०१. यात सातनं भाग जाणारा पहिला आकडा ३०१. पुढे सात गुणिले साठ, म्हणजे ४२० मिळवत जा, प्रत्येक वेळी नवं उत्तर. “चारशे वीस,” सेक्रेटरी माईकवरच म्हणाले आणि माझ्याकडे बघून हसले.

अब्रू राखायला मी दुसऱ्या दिवशी तिला गाठलं आणि एक चिनी कोडं घातलं. ‘सुन्‌झी सुआनजिंग’ या जुन्या ग्रंथातलं: तीननं भागल्यास बाकी दोन, पाचनं तीन, सातनं दोन. तिनं सायकलवरून न उतरता २३ सांगितलं. मी ऐकवलं की अशा प्रश्नांची रीत, कुट्टक, आर्यभटांनी इ.स. ४९९ मध्येच दिली आणि भास्कराचार्यांच्या ११५० च्या ‘लीलावती’तही ती आहे. भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अभ्यासासाठी त्यांचे नातू चांगदेव यांनी चाळीसगावजवळ पाटणला मठ काढला, तसा शिलालेख आहे, हेही सांगितलं. माझा नातू माझ्या नावानं व्हॉट्सॲप ग्रुपसुद्धा काढणार नाही, हे सांगितलं नाही. “मग तुम्ही कुट्टक करून दाखवा ना,” ती म्हणाली. मला दूध आणायचं होतं.

पहिलं बक्षीस तिला दिलं. ३०१ वाल्यांनीही बरोबरच लिहिलं होतं, म्हणून त्यांनाही दिलं. पेन्सिलचे डबे कमी पडले आणि उरलेल्यांचे पैसे माझ्या खिशातून गेले. तेव्हा मंडळांच्या तमाम परीक्षकांना हात जोडून सांगणं आहे: बाकीचं कोडं घालाल तेव्हा ‘कमीत कमी मोदक किती’ असंच विचारा, आणि कॅल्क्युलेटर घरी ठेवून या.