बर्फवाले काका

जानेवारीच्या सकाळी अटलांटाच्या उत्तरेकडच्या एखाद्या उपनगरात, अर्धा स्वेटर आणि पायजमा अशा वेशात डिकीतून बर्फाच्या पिशव्या उतरवणारे मराठी गृहस्थ दिसले, तर घरात पार्टी असेल असं समजू नये. तो बर्फ झाडांचा असतो.

हे काका मूळचे जॉर्जियाचे नव्हेत. सांगलीकडून पुण्याच्या इंजिनियरिंग कॉलेजात, तिथून पर्ड्यू विद्यापीठात आणि मग निवृत्तीपर्यंत इंडियानात, असा त्यांचा प्रवास. मुलानं इकडे घर घेतलं, नातू झाला, तसे काका-काकूही खाली आले. काकूंनी सोबत पुरणयंत्र आणि देव आणले. काकांनी मागच्या अंगणातलं पिओनीचं झुडूप मुळासकट उपटून आणलं. पिओनी हे १९५७पासून इंडियानाचं राज्यफूल, त्यामुळे या गोष्टीला काका राजकीय स्थलांतराचा दर्जा देतात.

खरी गोष्ट अशी की ते झुडूप आधीच्या घरमालकिणीनं लावलेलं होतं. काकांनी इतक्या वर्षांत त्याला कधी तांब्याभर पाणीही घातलं नव्हतं. पिओनी अशीच असते, एकदा रुजली की पन्नास-पन्नास वर्षं कुणाचं देणं लागत नाही. पण दरवर्षी फुलं यायची, आणि फुलं आपल्या दारात आली म्हणजे श्रेय आपलंच, हा न्याय आपल्याकडे जुना आहे.

जॉर्जियात आल्यावर दोन वसंत नुसती पानंच आली. हिरवीगार, तकतकीत, कळी म्हणून नाही. काकांनी आधी मातीला दोष दिला, मग मुलाला, मग शेजारच्या कुत्र्याला. शेवटी त्यांनी अभ्यास केला. पिओनीला फुलायला थंडी लागते, म्हणजे चार अंश सेल्सियसच्या खालचे साधारण ५०० ते १००० तास. झालं! काकांनी एक्सेलमध्ये तास मोजायला घेतले आणि तूट भरून काढायला बर्फ आणला. फ्रीजरमधून काकूंच्या खवलेल्या नारळाची पाकिटं बाहेर पडली. संक्रांतीच्या हळदीकुंकवाला जमलेल्या बायकांना त्या वर्षी खोबरं भरपूर घातलेले पदार्थ का मिळाले, याचं कारण हेच.

आता, अटलांटाच्या हिवाळ्यात ही थंडी आपसूक भरते. बर्फ लागलाच तर आणखी दक्षिणेला, फ्लोरिडाच्या वाटेवर, आणि तिथेही पिशवीभर बर्फ तासा-दोन तासांत वितळून माती पुन्हा होती तशीच. काकांनी थर्मोडायनॅमिक्स शिकवलेलं आहे, त्यांना हे कळत नाही असं नाही. पण काही न करता झाडासमोर उभं राहणं त्यांना जमत नाही.

खोट होती खोलीत. इंडियानात मुळांवरचे डोळे दोन इंच खाली पुरतात, इकडे उष्ण भागात अर्धा इंच, फार तर एक. काकांनी इथेही दोन इंच खाली पुरून वर लाकडाच्या ढलप्यांचा जाड थर घातला होता. सांगलीच्या माणसानं डिसेंबरात पोराला कानटोपी घालावी तशा मायेनं. पिओनीला उघड्या डोक्यानंच थंडी खायची असते, हे त्यांना तिसऱ्या वर्षी उमगलं, आणि नवरात्रात त्यांनी सगळं झुडूप उकरून काढलं.

तो सोहळा मी पाहिला आहे. जाडजूड, तपकिरी, ठिसूळ मुळांचा गड्डा पाइपच्या पाण्यानं धुतला, अर्धा दिवस सावलीत मऊ पडू दिला. मग गुलाबी, टोकदार डोळे दिसू लागले. काकूंची विळी मागितली, मिळाली नाही, तेव्हा ब्रेडची सुरी आणली. दर तुकड्याला तीन ते पाच डोळे आणि त्यांना पोसायला पुरेशी मुळं, असा हिशोब. वडिलांनी वाळव्याकडे दोन डोळ्यांच्या टिपऱ्या तोडून ऊस लावला होता, तो हात काकांमध्ये अचानक जागा झाला. त्याच शेताच्या वाटणीचा दावा चुलतभावाशी अजून कोर्टात आहे. इथे मात्र काका डोळे मोजून अशा निःपक्षपाती वाटण्या करत होते की तो चुलतभाऊसुद्धा सही करून गेला असता.

दसऱ्याला इथल्या मराठी मंडळात त्यांनी सोन्याबरोबर हे तुकडे वाटले. एवढ्यावर थांबतील तर ते बर्फवाले काका कसले? काकांची भेटवस्तू ही दत्तक दिलेली मुलगी असते. ते पाहणीला येतात. कधीही येतात. चपला काढायच्या आधी वाफ्यात तर्जनी खुपसतात आणि नखापर्यंत माती लागली की, ‘‘किती खोल घातलंस! अर्धं पेर म्हटलं होतं ना?’’ सकाळचं ऊन, दुपारनंतर सावली, लाल चिकणमातीत पाणी साचता कामा नये. हे सगळं आपल्यालाच ऐकायचं. फूल नाही म्हटलं तर उत्तर ठरलेलं: पहिल्या वर्षी झोपते, दुसऱ्या वर्षी रांगते, तिसऱ्या वर्षी उड्या मारते.

चहाबरोबर इतोंची गोष्ट येतेच. टोकियोच्या तोइची इतोंनी शाकीय आणि वृक्षवर्गी पिओनीचा संकर साधला, पण फुलं बघायच्या आत १९५६ साली ते वारले. इथे काकांचा गळा दाटतो. वाढदिवस असो, डोहाळजेवण असो, इतो वारतातच.

मुंग्यांच्या बाबतीतही काका हळवे आहेत. कळ्यांवरचा गोड रस चाटायला मुंग्या येतात. कळी उमलायला त्यांची गरज नसते, पण झाडाला त्यांचा त्रासही नसतो. फवारा मारायचा नाही, अशी सक्त ताकीद असते. एका सत्यनारायणाला काकांनी पहिली फुलं मोठ्या भक्तिभावानं आणून वाहिली, आणि कथेचा तिसरा अध्याय संपेपर्यंत मुंग्या प्रसादाच्या शिऱ्यापर्यंत पोचल्या होत्या.

मंडळातल्या एका गृहस्थांकडचा तुकडा पहिल्याच उन्हाळ्यात कुजला. हे सांगण्याचं धाडस त्यांना होईना. तेव्हापासून ते दरवर्षी एप्रिलात नर्सरीतून कळ्यांची कुंडी आणून गुपचूप त्या जागी पुरतात. यंदा काका पाहणीला आले. फूल चांगलं बशीएवढं, गर्द गुलाबी. काकांचं मूळ झाड ‘फेस्टिव्हा मॅक्झिमा’, १८५१ सालची फ्रेंच जात, पांढरीशुभ्र, मध्ये लाल शिंतोडे.

काका वाकले. चष्मा वर केला, खाली केला. गृहस्थांच्या बायकोनं आत जाऊन चहाचं आधण ठेवलं.

‘‘मी तुला पांढरी दिली होती,’’ काका म्हणाले.

कुणी काही बोललं नाही.

‘‘जॉर्जियाच्या मातीत लोह फार,’’ असं म्हणून त्यांनी फोन काढला आणि एक्सेलमध्ये नवा रकाना उघडला.