बापूंच्या उजवीकडे

रस्त्याच्या कडेला गाडी थांबवून बॉनेट उचललं की पाच मिनिटांत माणसं जमतात. कुठून येतात ते विचारू नये. त्यातले बहुतेक नुसते पाहणारे असतात. मयताच्या घरी उभं राहावं तसे हाताची घडी घालून, मान किंचित पुढे. पण एक असतो हात घालणारा. तो गर्दी बाजूला सारत येतो, 'सरका' म्हणतो आणि गाडीच्या मालकाला आपल्याच गाडीपासून दोन पावलं मागे ढकलतो. बुऱ्हाणपूर जिल्ह्यातल्या खकनारला हा मान बापूंचा आहे.

बापूंकडे स्वतःचं वाहन नाही. सायकल आहे, ती नातवाची. लायसन त्यांनी कधी काढलं नाही. पण बसस्टँडच्या आसपास कुठंही बॉनेट वर गेलं, की बापूंच्या हातातला चहा अर्धा राहतो.

बापूंचं शिक्षण ट्रकवर झालं. बुऱ्हाणपूरची केळी भरून दिल्लीच्या आझादपूर मंडीत नेणाऱ्या ट्रकवर ते क्लीनर होते, आणि त्या काळी क्लीनरची जागा म्हणजे समोरचा बंपर. बंपरवर चढायचं, इंजिनावर ओणवं व्हायचं आणि उस्ताद केबिनमध्ये बसून सांगेल ते करायचं. बारा वर्षं बापूंनी इंजिन समोरून पाहिलं. स्टिअरिंगच्या बाजूनं एकदाही नाही. ही बाब आता किरकोळ वाटेल, पण पुढे तिच्यापायी माझी एक आख्खी दुपार गेली आहे.

बापूंच्या उजव्या हाताच्या आतल्या बाजूला, कोपरापासून मनगटापर्यंत, एक गुळगुळीत गुलाबी डाग आहे. तापलेल्या रेडिएटरचं झाकण उघडल्याचा. बापू तो डाग लपवत नाहीत. दहावीचं सर्टिफिकेट दाखवावं तसा बाही सरकवून दाखवतात. त्यामुळे एक गोष्ट मात्र त्यांनी आयुष्यभर पाळली. गरम गाडीच्या झाकणाला ते स्वतः हात लावत नाहीत आणि दुसऱ्यालाही लावू देत नाहीत. "कुकर हाय तो," ते म्हणतात, "शिट्टी नसलेला." शास्त्राला धरूनच आहे हे. झाकणाखाली दाब असतो म्हणून पाणी शंभर अंशांच्या पुढे जाऊनही उकळत नाही, आणि झाकण फिरवलं की एका क्षणात उकळून अंगावर येतं.

बापूंच्या मते मोटारगाड्यांचा ऱ्हास सुरू झाला तो मारुती आल्यापासून. १४ डिसेंबर १९८३ ला इंदिरा गांधींच्या हस्ते मारुती ८०० ची पहिली किल्ली दिली गेली. ती गाडी आमच्या भागात यायला पुढं काही वर्षं लागली, पण बापूंनी तिचं बॉनेट प्रथम उचललं तो प्रसंग ते अजून सांगतात. "इंजिन आडवं झोपलेलं! मी म्हटलं, ॲक्सिडेंट झाला का काय?" अँबॅसिडर पाहिलेली, फियाट पाहिलेली, त्यांची इंजिनं गाडीच्या लांबीत, नाक पुढं करून, शिस्तीत उभी. इथं तीन सिलिंडरचं ७९६ सीसीचं इंजिन या चाकापासून त्या चाकाकडं आडवं टाकलेलं.

त्यांना मी एकदा सांगायचा प्रयत्न केला, की ही कल्पना मारुतीवाल्यांची नाही. इंग्लंडात १९५९ साली ॲलेक इसिगोनिस नावाच्या इंजिनिअरनं मिनी नावाची चिमुकली मोटार काढली, तिच्यात इंजिन आडवं बसवून पुढचीच चाकं फिरवली. मागपर्यंत जाणारा शाफ्ट गेला, नाक आखूड झालं आणि वाचलेली जागा माणसांना मिळाली. आज रस्त्यावरची बहुतेक प्रत्येक लहान गाडी त्याच बेतानं बांधलेली असते. बापूंनी शांतपणे ऐकलं आणि विचारलं, "मंग तो इंजिनवाला खाटल्यावर आडवा झोपत असंन का?"

नॅनोच्या बाबतीत मात्र त्यांनी जे दाखवलं त्याला मी धीरोदात्तपणाच म्हणेन. कुणाचे तरी पाहुणे नॅनो घेऊन आले होते. बापूंनी सवयीनं पुढचं झाकण उचललं. आत स्टेपनी. इंजिनाचा पत्ता नाही. नॅनोचं दोन सिलिंडरचं इंजिन मागच्या सीटच्या पाठीमागे, सामानाच्या जागेखाली असतं, आणि पहिल्या नॅनोंना मागचं दार उघडतच नसे. सीट पाडून आतूनच जावं लागे. हे बापूंना ठाऊक नव्हतं. भोवती दहा-बारा माणसं. दुसरा कोणी असता तर गडबडला असता. बापूंनी स्टेपनीवर दोनदा बोटं वाजवली, झाकण हळूच लावलं आणि म्हणाले, "इंजिन कामाला काढलेलं दिसते."

त्यांची खरी विद्या बॉनेटच्या फटीत आहे. गाडीच्या आतला खटका ओढला की बॉनेट बोटभर उचलतं आणि अडतं. पुढचा आकडा फटीत बोटं घालून चाचपडत शोधावा लागतो. मालक घामाघूम होतो. बापू उजव्या हाताची तीन बोटं आत सरकवतात, नजर समोरच्या लिंबाकडे, चेहरा नाडी पाहणाऱ्या वैद्यासारखा, आणि खट्. कोणत्या गाडीचा आकडा वर उचलायचा, कोणत्याचा बाजूला सारायचा, हे त्यांच्या बोटांना पाठ आहे. झाकण टेकवायची सळई मात्र त्यांना कधी सापडत नाही. ते पऱ्हाटीची काटकी लावतात.

मग तेल. पिवळ्या कडीची पट्टी ओढायची, गमछ्याच्या टोकानं पुसायची, परत खालपर्यंत घालायची आणि पुन्हा काढायची. दोन खुणांच्या मधे तेल असलं की झालं, इतकंच काम. पण बापू तो थेंब अंगठा आणि तर्जनीत चोळतात, नाकाशी नेतात, उन्हात धरतात. निकाल मात्र ठरलेला: "चालते अजून पाचशे किलोमीटर."

अलीकडच्या गाड्यांनी त्यांची बरीच कुचंबणा केली आहे. ते कार्ब्युरेटर शोधतात. इंजेक्शन आल्यापासून, म्हणजे गेली वीस-पंचवीस वर्षं, नव्या पेट्रोल गाडीत कार्ब्युरेटर नाही. डिस्ट्रिब्युटर गेला, प्लगच्या डोक्यावरच कॉइल बसली. स्टिअरिंगच्या तेलाची बाटलीसुद्धा पुष्कळ लहान गाड्यांतून गेली, कारण ते काम आता विजेची मोटर करते. आणि आहे त्याच्यावर प्लॅस्टिकचं काळं झाकण. "डोक्यावर पदर घेतल्यावानी," बापू म्हणतात. पाणी घालायच्या म्हणून उरल्या त्या दोन पांढुरक्या बाटल्या, एक कूलंटची आणि एक वायपरच्या पाण्याची. एका साहेबांच्या गाडीत बापूंनी कूलंटचा आख्खा डबा वायपरच्या बाटलीत ओतला होता. साहेब देडतलाईच्या रस्त्यानं धारणीकडे निघाले, काच धुवायला कळ दाबली, आणि पुढचा सगळा सातपुडा त्यांनी हिरवा पाहिला. पावसाळ्यात तो तसाही हिरवाच असतो. पण ते दिवस मे महिन्याचे होते.

मे महिन्यातच माझी गाडी तापली.

देडतलाईकडून येत होतो. गावात शिरताना बैलगाड्या आणि ट्रॅक्टरांच्या मागे गाडी रेंगाळली आणि काटा चढायला लागला. मोकळ्या रस्त्यावर ठीक, थांबलं की तापते. जाणत्याला एवढ्यावर कळायला हवं होतं, की रेडिएटरचा पंखा फिरत नाही. धावताना वारा लागतो, उभं राहिलं की लागत नाही. मी जाणता नव्हतो. बसस्टँडजवळ बाजूला घेतली, खटका ओढला. चहा टेबलावर ठेवल्याचा आवाज आला.

"काऊन गुरुजी, तापली का?" तीन बोटं आत, खट्. काटकी लागली. "झाकणाले हात नका लावू." बाही सरकली, डाग दाखवून झाला. "गॅस्केट उडालं." निदान झालं होतं. आता अर्धा तास गाडी निवेपर्यंत करायचं काय, तर व्याख्यान.

बापू इंजिन शिकवतात ते बुऱ्हाणपूरवरून. "हे पाहा, हे रेडिएटर म्हणजे शनवारा. सगळी वर्दळ इथून. ही बॅटरी, वीज मंडळ. हे एअर फिल्टर, इथं धूळ अडते, नाकं समजा जकातीचं. आणि हे पाणी..." इथं ते थांबले, कारण हे त्यांचं लाडकं स्थळ. "हे म्हणजे आपला कुंडी भंडारा."

उपमा खरंच चांगली आहे. १६१५ च्या सुमारास अब्दुल रहीम खानखानाच्या काळात बुऱ्हाणपूरला जमिनीखालून बोगदे काढून सातपुड्यात मुरलेलं पाणी शहरात आणलं. वर शंभराच्या आसपास कुंड्या, विहिरींसारख्या. डोकावलं की खालून पाणी वाहताना दिसतं. कूलंटची बाटली म्हणजे तशीच एक कुंडी. तिच्यात डोकावून आतल्या पाण्याचा अंदाज घ्यायचा, रेडिएटर उघडायचं कारण नाही. मी एवढंच म्हणालो, की गाडीत पाणी ढकलायला पंप असतो. कुंडी भंडाऱ्यात पाणी नुसत्या उतारानं येतं.

"म्हंजे पंपाशिवाय चारशे वर्ष चाललं," बापू गर्दीकडे वळून म्हणाले. "आन् ही देडतलाईहून खकनारले येईस्तोवर उकळली."

यावर काय बोलणार? मी बुऱ्हाणपूरच्या ओळखीच्या मेकॅनिकला फोन लावला. त्यानं दोन प्रश्न विचारले आणि म्हणाला, "सर, पंख्याचा फ्यूज पाहा. बॉनेटमध्ये लेफ्ट साइडला काळा डबा आहे. झाकणाच्या आत चित्र आहे." फोन बापूंनी माझ्या हातातून घेतला होता. ते आपल्या डावीकडे सरकले. तिथं ब्रेक ऑइलची बाटली.

"लेफ्टले तर काईच नाई."

"आहे हो. काळा डबा. बॅटरीजवळ."

"बॅटरी राइटले हाय."

"बॅटरी लेफ्टलाच असते त्या गाडीत!"

"मी गाडीपाशी उभा हाय का तू?"

गर्दीत दोन तट पडले. ज्यांची पाठ बसस्टँडकडे होती ते बापूंच्या बाजूचे. शेवटी फोनमधला माणूस ओरडला, की डावं-उजवं नेहमी ड्रायव्हरच्या जागेवरून धरायचं, उभं राहणाऱ्याच्या नाही. गॅरेजात, पुस्तकात, पार्टच्या दुकानात सगळीकडे हाच रिवाज आहे, आणि त्याचं कारणही सरळ आहे. गाडीभोवती माणूस फिरतो, ड्रायव्हरची खुर्ची फिरत नाही.

"ड्रायव्हर कुठं हाय इथं?" बापू म्हणाले. "ड्रायव्हर तर चहा पिऊन राह्यला."

तो मीच होतो. मला कप खाली ठेवायला लावून स्टिअरिंगवर बसवण्यात आलं. "गुरुजी, डावा हात वर करा!" मी केला. पण समोर बॉनेट उभं. बापूंना मी दिसेना, मला बापू दिसेनात. मग एक पोरगा मधल्या अंतरावर नेमला गेला. त्यानं माझा हात पाहायचा आणि तो कुठल्या बाजूला आहे ते बापूंना बोटानं दाखवायचं. लग्नातला अंतरपाट आठवला. पोरानं बोट केलं. बापू दोन पावलं उजवीकडे सरकले, आणि मला बाहेरून त्यांचा आवाज आला, हळू, पहिल्यांदाच हळू: "बारा वर्ष उस्ताद मले उलटाच पाना कामून मागे, ते आज समजलं."

काळं झाकण निघालं. आत चिमटा होता, चित्रही होतं. पंख्यापुढचा हिरवा फ्यूज, तीस अँपिअरचा, बापूंनी उपटून उन्हात धरला. आतली पट्टी तुटलेली. गर्दीतून कुणीतरी पुडीची चांदी गुंडाळायचा तोडगा काढला. बापूंनी त्याच्याकडे असं पाहिलं की तो मागच्या रांगेत गेला. "फ्यूज जळते म्हून वायर वाचते," ते म्हणाले. गॅस्केटचा विषय पुन्हा कुणी काढला नाही, मीही नाही. शेजारच्या दुकानातून नवा फ्यूज आला. गाडी चालू करून ठेवली, काटा चढला, आणि पंखा घरघरला. बापूंनी रेडिएटरमागच्या वाऱ्यात गमछा धरून तो फडफडतो का ते सगळ्यांना दाखवलं.

दुसऱ्या दिवशी बुऱ्हाणपूरला कळलं, की पंख्याची वायर उंदरानं कुरतडली होती. वायरी उघड्या पडून एकमेकींना लागत होत्या, म्हणून फ्यूज गेला. बापूंनी उपाय म्हणून तंबाखूची पुडी दिली, ती मी बॅटरीशेजारी बांधली. पुडी महिन्यात संपली. उंदीर आहे.

खकनारला कुणाची गाडी थांबली आणि बापू आले, तर त्यांना बॉनेट उघडू द्या, पाणी निवेपर्यंत बसू द्या, कुंडी भंडाऱ्याचं ऐकून घ्या. फ्यूजचा डबा माझ्या गाडीत डावीकडे आहे. बापूंच्या उजवीकडे.