विद्यापीठकाका

मूर्तिजापुरात टीसी हरवली, गुणपत्रिकेत नावाची वेलांटी चुकली, पुनर्मूल्यांकनाचा अर्ज राहून गेला, की पोट्टे कॉलेजच्या खिडकीआधी विद्यापीठकाकांचं दार वाजवतात. काका विद्यापीठात कधीच नोकरीला नव्हते. पण त्यांच्या कापडी पिशवीत स्टेपलर, गोंदाची बाटली, साक्षांकित झेरॉक्स आणि पासपोर्ट फोटोंची पाकिटं कायम असतात. फोटो कोणाचे, हे आता त्यांनाही आठवत नाही.

काकांच्या लेखी विद्यापीठाचा इतिहास म्हणजे त्यांच्या बी.ए.चा इतिहास. 1923 साली स्थापन झालेल्या नागपूर विद्यापीठात ते इंग्रजीत नेमानं नापास होत. 1 मे 1983 ला अमरावती विद्यापीठ वेगळं झालं आणि काका सुटले. "सरकारनं कायदा केला, के. जी. देशमुखांसारखा कुलगुरू आनला. कायले? माह्या इंग्रजीसाठी!" 1998 साली अकोल्यातून वाशीम निघालं, तेव्हा विद्यापीठाचे चार जिल्हे पाच झाले. "रान तेवढंच, जिल्हा एक वाढला. याले म्हन्तात विकास!"

पुढं विद्यापीठाला संत गाडगेबाबांचं नाव मिळालं आणि काकांना आवरणं कठीण झालं. बाबा इथल्याच दापुऱ्याला मामाकडे वाढले, मूर्तिजापुरात त्यांनी गोरक्षण काढलं. म्हणजे विद्यापीठ मूर्तिजापूरचंच. "इमारत फक्त अमरावतीले हाय. बडनेऱ्याले गाडी बदला लागते, एवढंच."

तेव्हापासून काम घेऊन आलेल्या पोराच्या हाती काका आधी खराटा देतात. अंगण झाडून झालं की मगच अर्जाला हात. शाळेचं तोंड न पाहिलेल्या माणसाच्या नावानं पाच जिल्हे पदव्या घेतात, तर अंगण झाडायला काय जाते, हा त्यांचा सवाल. पोरं झाडतात. काकूंना हे नामांतर मनापासून पटलं आहे.

एक सल मात्र होती. काकांच्या पदवीवर नुसतं 'अमरावती विद्यापीठ'. पदवी घेऊन ते थेट अमरावतीला गेले, "यावर बाबाचं नाव टाकून द्या" म्हणाले. नवी परीक्षा दिली तरच नव्या नावाचा कागद मिळेल, असं कळलं. काकांनी त्याच दिवशी एम.ए.चा अर्ज आणला. विषय इंग्रजी.

"अन् या वयात नापास झाले म्हन्जे?" काकूंनी विचारलं.

"होऊ दे नं. नापासाच्या कागदावरबी बाबाचंच नाव रायते."