मोलकरणीच्या भूमिकेतली नर्तिका

"वहिनी, आमच्या शमाचं नवीन खूळ ऐकलंत का? टॅप डान्स! ते टाचेला नि चवड्याला धातूच्या पट्ट्या ठोकलेले बूट घालून नाचतात ना, ते."

"म्हणजे कथकची ततकारच की, घुंगरांवाचून."

"तसंच. आपले कथकवाले चित्रेश दास त्या टॅपवाल्या जेसन सॅम्युएल्स स्मिथबरोबर सवालजवाब करायचेच की! पण शमा लागलीय आयोडेले कासेलच्या नादाला. न्यूयॉर्कची. टॅपवाल्या सॅव्हियन ग्लोव्हरच्या चमूत ही एकटीच बाई होती. आता नाचता नाचता गोष्टी सांगते, आपल्याआधीच्या बायकांच्या. ज्यांची नावंसुद्धा कुणी घेत नाही, त्यांच्या."

"कुणाकुणाच्या?"

"जेनी लेगॉन घ्या. शिकागोची कृष्णवर्णीय मुलगी, पँट घालून नाचायची. १९३५ साली 'हुरे फॉर लव्ह' सिनेमात बिल रॉबिन्सनबरोबर नाचली. रॉबिन्सन म्हणजे केवढं प्रस्थ! त्याच्या वाढदिवसाला, २५ मेला, अमेरिकेत टॅप दिन असतो. लगेच एमजीएम स्टुडिओनं हिच्याशी करार केला."

"अगो बाई, नशीब काढलं!"

"कसलं हो! थोड्याच दिवसांत करार मोडला. एलेनॉर पॉवेल होती ना त्यांच्याकडे, तीही टॅपवाली, वर गोरी. मग हिला काय, मोलकरणीची कामं. १९४८च्या 'ईस्टर परेड'मध्येही मोलकरीणच. आणि नायक कोण? फ्रेड अॅस्टेअर! पूर्वी आरकेओ स्टुडिओत तालमीच्या वेळी याची नि हिची चांगली ओळख होती. सेटवर मात्र तो हिच्याशी बोललासुद्धा नाही."

"काहीतरीच!"

"मी पदरचं नाही सांगत, तिनंच पुढे सांगितलंय."

"मेल्याची जीभ झडली असती का दोन शब्द बोलला असता तर?"

"आमचे हे म्हणतात, काळच तसा होता. काळ कसला, माणूसच तसा! पण जेनीही खमकी. कॅनडात व्हँकुव्हरला गेली, मुलांना नाच शिकवला, ९६ वर्षांची होऊन गेली."

"बरं झालं. आणखी कोण?"

"लोइस ब्राइट. 'मिलर ब्रदर्स अँड लोइस'मधली. दोन पुरुषांच्या जोडीनं उंच, अरुंद चौथऱ्यांवर टॅप करायची. पाय घसरला तर थेट खाली!"

"बाई गं! मला स्टुलावर चढून माळ्यावरचा डबा काढता येत नाही."

"२०२१ला अमेरिकेच्या टपाल खात्यानं टॅपची तिकिटं काढली, त्यात एकावर आयोडेले आहे. शमानं न्यू जर्सीच्या मामाला मागवायला सांगितलीत."

"मग आमच्या नातवासाठीही एक सांगा ना, जमवतो तो."

"एक कशाला? पाच जणांची पाच आहेत, अख्खा संच सांगते. पैसे मात्र आत्ताच द्या हं, मागच्या बदामांचे अजून यायचेत."